फक्कीची रेघ कोणाच्या हातात?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: "मी लातूर जिल्ह्यातल्या एका खेड्यातली. चित्रकलेची पदवी घेतली, तीन वर्षं पुण्यात काम केलं. कलाकार नवजोत अल्ताफ यांच्या छत्तीसगडमधल्या, बस्तरच्या कामाबद्दल वाचल्यापासून आपल्या गावात, गावातल्या बायांबरोबर काही करावं असं फार वाटतंय. सुरुवात कुठून करू? शाळेच्या भिंती रंगवायला घेतल्या तर चालेल का? आणि हे कला म्हणून मोजलं जातं की समाजकार्य म्हणून?"

मी लातूर, धाराशिव आणि बीड या तीन जिल्ह्यांतल्या गावांत वीस वर्षांहून जास्त काळ हेच काम करतोय. त्यामुळे आधी सरळ उत्तर देतो. भिंतीपासून सुरुवात करू नका. कल्पना ठरवून गावात जाऊ नका. पहिले सहा महिने काहीही बनवू नका. आता हे असं का, ते सविस्तर सांगतो.

नवजोत अल्ताफ यांचं नाव तुम्ही घेतलंत, तर तिथूनच सुरू करू. त्यांचा जन्म 1949 सालचा, मेरठचा. शिक्षण मुंबईत, जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये. 1997 पासून त्या बस्तरमध्ये, कोंडागाव परिसरात काम करू लागल्या. राजकुमार कोर्राम, शांतीबाई, गेस्सूराम या तिथल्या कलाकारांबरोबर त्यांनी जे केलं, त्यातली दोन कामं तुमच्यासाठी महत्त्वाची आहेत: 'नलपार' आणि 'पिल्ला गुडी'. नलपार म्हणजे हातपंपाभोवतीची जागा. आपल्याकडे आपण ज्याला हापसा म्हणतो, तोच. बाई हापशावर घागर भरते तेव्हा सगळ्यात जास्त ताण येतो तो भरलेली घागर जमिनीवरून उचलून डोक्यावर घेताना. कंबर तिथंच धरते. म्हणून हापशाभोवती असा बांधीव आकार उभा केला की घागर आधी मधल्या उंचीवर टेकवता यावी आणि तिथून डोक्यावर घ्यावी. पाणी वाहून जायला वाट, उभं राहायला कोरडी जागा, आणि सगळ्या बांधकामावर तिथल्याच लोकांच्या खुणा आणि चिन्हं. पिल्ला गुडी म्हणजे पोरांचं देऊळ. मुलांनी जमावं, खेळावं, शिकावं अशी त्यांची स्वतःची जागा.

या कामांचे फोटो पाहून आपल्यासारखी माणसं भारावतात आणि लगेच गावात जाऊन एखादा हापसा सजवायला घेतात. फोटोत मात्र सगळ्यात मोठी गोष्ट दिसतच नाही, ती म्हणजे वर्षं. 2018 च्या डिसेंबरात मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात त्यांच्या आयुष्यभराच्या कामाचं मोठं प्रदर्शन भरलं, तेव्हा बस्तरशी त्यांचं नातं एकवीस वर्षांचं झालं होतं. एकवीस वर्षांत गाव आपल्याला ओळखतं. आपली चूक तोंडावर सांगतं. आपण कुणाच्या ओसरीवर बसतो आणि कुणाच्या नाही, हेही गावाच्या नजरेतून सुटत नाही.

माझं पहिलं काम भिंतीचंच होतं. एका संस्थेचा निधी मिळाला होता आणि विषयही त्यांनीच दिला होता, पाणी वाचवा. मी आठ दिवस गावात राहिलो, शाळेच्या बाहेरच्या भिंतीवर मोठं चित्र आखलं आणि बायकामुलांना बोलावून त्यात रंग भरून घेतले. अहवालात 'लोकसहभाग' असं लिहिलं. वर्षभरानं त्याच भिंतीवर पांढरा चुना फासून कुठल्याशा योजनेची माहिती लिहिली गेली होती. मला वाईट वाटलं. त्याहून वाईट वाटलं ते पुढं. गावात दोन दिवस हिंडलो, पण त्या चित्राबद्दल एक माणूससुद्धा चकार शब्द बोलला नाही. गेलं तर गेलं. कारण ते त्यांचं कधी नव्हतंच. आखणी माझी, विषय संस्थेचा, त्यांच्या वाट्याला आला तो फक्त ब्रश.

शेरी आर्नस्टीन या अमेरिकन अभ्यासक बाईंनी 1969 साली नागरिकांच्या सहभागाची आठ पायऱ्यांची शिडी मांडली होती. सगळ्यात खालच्या दोन पायऱ्यांवर सहभागाच्या नावाखाली लोकांना नुसतं वळवलं जातं. मधल्या तीन पायऱ्यांवर माहिती दिली जाते, मत विचारलं जातं, थोडं समाधान केलं जातं, पण निर्णय दुसरंच कुणी घेतं. वरच्या तीन पायऱ्यांवर निर्णयात वाटा मिळतो आणि शेवटी निर्णयच लोकांच्या हातात जातो. तो लेख शहरांच्या नियोजनाबद्दल होता, पण माझी ती भिंत कुठल्या पायरीवर होती हे मला तो वाचल्यावर कळलं. तळातली दुसरी पायरीसुद्धा ओलांडली नव्हती. तेव्हापासून कुठलंही काम हाती घेताना मी स्वतःला एकच प्रश्न विचारतो: यात नाही म्हणायचा अधिकार कोणाला आहे?

आता एक काम जवळून सांगतो. तुम्ही त्याच भागातल्या आहात, त्यामुळे संदर्भ लगेच लागेल.

30 सप्टेंबर 1993. गणपती विसर्जन करून गावं झोपली होती आणि पहाटे चारच्या सुमाराला किल्लारीचा भूकंप झाला. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात हजारो माणसं गेली. आपली जुनी घरं दगड-मातीची, भिंती जाडजूड पण मातीतच रचलेल्या, आणि वर पांढऱ्या मातीच्या थरांनी जड झालेलं माळवद. पावसापासून राखायला दरवर्षी वर माती टाकायची, असं करत पिढ्यान्‌पिढ्या ओझं वाढत गेलेलं. ते सगळं झोपलेल्या माणसांवर आलं. पुढं बावन्न गावं पूर्णपणे नव्या जागी बसवली. सरळ आखलेले रुंद रस्ते, घरांना क्रमांक. घर केवढं मिळणार ते जमिनीवरून ठरलं: 250, 400 किंवा 750 चौरस फूट. घरं मजबूत झाली, त्याबद्दल कुणाची तक्रार नाही. पण बोळ गेले. परसदारातून शेजारणीला हाक मारून चुलीला विस्तव मागायचा, ते गेलं.

अशाच औसा तालुक्यातल्या एका पुनर्वसित गावात मी जात होतो. कामासाठी नाही, एका मित्राची सासुरवाडी होती म्हणून. दोनेक वर्षं असाच जात-येत राहिलो. एकदा पारावर दोन म्हातारे वाद घालताना ऐकले. जुन्या गावात मारुतीच्या देवळापासून तेल्याच्या वाड्याकडे जाताना आधी चिंच लागायची की आड? वाद इतका पेटला की एकानं काडीनं मातीत गाव काढून दाखवलं. दुसऱ्यानं पायानं पुसून परत काढलं. काम तिथं सुरू झालं. मी सुचवलं एवढंच, की शाळेच्या मैदानावर मोठं काढू या का?

मैदान आखायला शाळेत फक्की असतेच, त्याचीच पोती घेतली. डब्याला तळाशी भोकं पाडली, सुतळी आणली. पहिल्या दिवशी डबा माझ्या हातात होता. लोक सांगायचे, मी रेघ मारायचो. घटकाभरानं एक आक्का उठल्या. "द्या ओ दादा तो डबा इकडं. तुमाला आमचा बोळ काय म्हाईत?" त्यांनी डबा घेतला आणि वाकून, एकही दोरी न लावता, आपल्या दारापासून आडापर्यंतचा बोळ काढला. वाकडातिकडा, मध्ये एक फुगवटा. फुगवटा कशाला, असं विचारलं. म्हणाल्या, तिथं म्हैस बांधलेली असायची, वळसा घालून जावं लागायचं.

माप कशात धरायचं यावरून दुसऱ्या दिवशी अडलं. पुरुष म्हणत होते पावलांत मोजू. बाया म्हणाल्या, पावलांत कोण चालत होतं? डोक्यावर हंडा, कडेवर लेकरू. "आडापासून आमचं दार तीन दमांवर." म्हणजे तीनदा थांबून दम घ्यावा लागायचा. मग तेच माप ठरलं. एक दम म्हणजे एक सुतळी. या मापानं गावाचा आकारच बदलला. चढाचे बोळ लांब झाले, उताराचे आखूड. सरकारी नकाशात जे घर देवळाजवळ होतं ते आमच्या मैदानावर पार टोकाला गेलं, कारण मधे चढ होता. मी इतकी वर्षं चित्रं काढतोय, पण इतकं अचूक परिप्रेक्ष्य मला स्वतःला कधी सुचलं नसतं.

पहिल्याच दिवशी म्हाताऱ्यांनी एक नियम घातला होता. वादातून आलेला साधा नियम: ज्यानं जे आपल्या आठवणीतून काढलं ते दुसऱ्यानं पुसायचं नाही. पटत नसेल तर शेजारी आपलं काढावं. त्या नियमाचं मोल तिसऱ्या दिवशी कळलं.

तोवर काढलेल्या गावात बौद्धवाडा नव्हता, मांगवाडाही नव्हता. कुणी मुद्दाम वगळला असं नाही. काढणाऱ्यांच्या पायाखालचा तो रस्ताच नव्हता. तिसऱ्या दिवशी तिकडच्या पाच बाया आल्या, काठावर उभ्या राहिल्या. डबा दिला तर त्यांनी दुसऱ्या टोकाकडून, ओढ्याच्या बाजूनं काढायला सुरुवात केली. आडाशी पोचल्यावर थांबल्या. त्यांतल्या सगळ्यात वयस्कर मावशी म्हणाल्या, "आमचं दमात मोजता यायचं नाही. लहानपणी आमी आडाजवळ हंडा ठेवून उभं राहायचो. कुणीतरी वरून वाढंल म्हणून." आणि त्यांनी आडापासून थोडं अंतर सोडून फक्कीचा एक गोल काढला. वाट बघायचा गोल. आत दुसरं काहीच नाही.

मैदानावर कुणी बोलेना. संध्याकाळी दोघे-तिघे माझ्याकडे आले. जुनं उकरून काय काढता, गावाचं नाव खराब होईल, तो गोल पुसून टाका. मला समेट घडवायचा मोह झाला होता. मी काही केलं नाही, आणि आज वाटतं तेच बरोबर होतं. उत्तर एका म्हाताऱ्यानंच दिलं. आपणच नियम केलाय ना, पुसायचं नाही म्हणून? गोल राहिला. वरच्या आळीतल्या चार बाया मात्र दुसऱ्या दिवसापासून आल्या नाहीत, त्यांतल्या दोघी शेवटपर्यंत आल्या नाहीत. हे तुम्हाला सांगायलाच हवं, कारण अशा कामाबद्दल बोलताना सगळे शेवटी एकत्र आले, असं सांगायची सवय लागते. तसं झालं नाही. गाव एका मैदानावर आलं, एका मताचं झालं नाही.

आठवड्यात वळवाचा पाऊस आला आणि सगळं वाहून गेलं. मी फोटो काढून ठेवले होते, माझ्या मते काम पूर्ण झालं होतं. पण आक्का आणि आणखी दोघी-तिघी म्हणाल्या, कापडावर घेऊ, वाकळ शिवू. मग पुढचे पाच महिने दुपारी दोन ते साडेचार अकरा बाया बसल्या. बोळांना जुन्या लुगड्यांचे काठ लावले, घरांना पोराबाळांच्या शर्टांची ठिगळं, सगळीकडून धावदोरा. वाट बघायचा गोल त्या मावशींनी स्वतः शिवला, पांढऱ्या धोतराच्या तुकड्यावर पांढऱ्याच दोऱ्यानं. लांबून दिसत नाही. हात फिरवला की लागतो.

तुमच्या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर माझ्यापुरतं इथं आहे. कला की समाजकार्य? गावात पाणी आणलं, कर्ज फेडलं, दवाखाना उघडला तर ते समाजकार्य, आणि ते फार मोठं काम आहे. आमच्या वाकळेनं त्यातलं काही केलं नाही. तिनं अंतर दमात मोजलं आणि पांढऱ्यावर पांढरा दोरा घातला. हे आकाराचे निर्णय आहेत. नलपारमध्ये घागर टेकवायची जागा किती उंचीवर असावी हाही आकाराचाच निर्णय आहे, आणि तो बाईच्या कमरेनं ठरवलाय. असे निर्णय लोकांनी घेतलेत आणि ते डोळ्यांना, हाताला कळतात, तर ती कला. नुसती गर्दी जमवून फोटो काढला तर ती कलाही नाही आणि समाजकार्यही नाही.

जगात या वाटेनं गेलेली माणसं बरीच आहेत, तुम्ही त्यांची कामं पाहालच. दोनच सांगतो. जोसेफ बॉइस या जर्मन कलाकारानं 1982 मध्ये जर्मनीतल्या कासेल शहरात सात हजार ओक झाडं लावायला घेतली. प्रत्येक झाडाशेजारी बेसॉल्टचा एक दगड. हे सगळे दगड आधी संग्रहालयासमोर ढीग करून ठेवले होते. झाड लागलं की ढिगातला एक दगड कमी. किती काम उरलंय ते अख्ख्या शहराला रोज दिसायचं. बॉइस 1986 मध्ये वारले, शेवटचं झाड 1987 मध्ये लागलं. बेसॉल्ट म्हणजे आपलाच काळा दगड, म्हणून मला ते काम फार जवळचं वाटतं. दुसरं न्यूयॉर्कमधलं. मिएर्ल लॅडरमन युकेलीस या कलाकार बाईंनी 1979-80 मध्ये शहरातल्या साडेआठ हजार सफाई कामगारांपैकी प्रत्येकाशी हात मिळवला आणि प्रत्येकाचे आभार मानले. त्यांनी वस्तू म्हणून काहीच बनवलं नाही. पण ज्या हाताला कुणी हात लावत नाही त्या हाताला साडेआठ हजार वेळा हात लावणं, हे आपल्या समाजात काय असेल याचा विचार करा.

पण पद्धत शिकायची तर जर्मनीला जायची गरज नाही. तुमच्या गावात अखंड हरिनाम सप्ताह होत असेल. त्याचं नियोजन नीट बसून बघा. वर्गणी कशी ठरते, कुणाच्या घरून किती पोळ्या येतात, वीणा कोण कधी घेतं, पहारा कसा बदलतो, रुसलेल्याला कोण समजावतं. सात दिवस, चोवीस तास, कुणीही पगारी माणूस नसताना एक गोष्ट अखंड चालते. पन्नास कार्यशाळांत मला जे शिकता आलं नाही ते मी एका सप्ताहाच्या स्वयंपाकघरात शिकलो. त्याच वेळी हेही बघा, की वीणा कोणाच्या हातात कधीच येत नाही. पंगतीत शेवटी कोण बसतं. तुमचं काम कुठं लागणार आहे ते तिथं दिसेल.

आता व्यवहाराच्या गोष्टी. यांत माझ्या चुका जास्त आहेत, म्हणून जरा सविस्तर.

गावाचं वेळापत्रक आधी समजून घ्या. तुमच्या भागात ठीक आहे, पण बीडकडे काम करायचं ठरवलं तर दसऱ्यानंतर निम्मं गाव कोयता घेऊन ऊसतोडीला गेलेलं असतं. नवरा-बायको मिळून एक कोयता, मुकादमाची उचल आधीच घेतलेली. ते परत येतात मार्च-एप्रिलमध्ये. डिसेंबरात तिथं कार्यक्रम केला तर म्हातारी माणसं आणि आजीजवळ ठेवलेली लेकरं भेटतात. एकदा आम्ही त्या लेकरांबरोबरच काम केलं. बंद घरांच्या कुलपांवर कागद धरून वरून मेणखडू घासायचा, कुलपाचा ठसा उमटतो. प्रत्येकानं आपापल्या दाराचं कुलूप घेतलं. एप्रिलमध्ये आईबाप परतले तेव्हा पोरांनी ते कागद त्यांच्या हातात दिले. प्रदर्शन वगैरे काही नाही, तेवढंच काम होतं. एक बाप बराच वेळ त्या कागदावरून अंगठा फिरवत बसला होता.

परवानगी फक्त सरपंचांची घेऊ नका. ग्रामसभेत विषय मांडा, ठराव होऊ द्या, म्हणजे पुढच्या निवडणुकीत सत्ता बदलली तरी काम अडत नाही. बचत गटांमार्फत बायांपर्यंत पोचणं सोपं असतं, पण गटाच्या अध्यक्षबाईंच्या एका फोनवर ज्या येतात त्याच नेहमी येतात. ज्यांना मजुरीवरून सुट्टी नाही त्या येत नाहीत. त्यांच्यासाठी संध्याकाळी, त्यांच्या वस्तीत जाऊन बसा.

पैशाबद्दल मी फार कडक झालोय. निधी मिळाला तर तुमचं मानधन आणि बसणाऱ्या बायांचा रोज एकाच कागदावर लिहा आणि तो कागद सगळ्यांसमोर वाचा. बाई खुरपणीला गेली असती तर जी मजुरी मिळाली असती, निदान तेवढी तिला मिळाली पाहिजे. आपल्या गावचं काम आहे म्हणून फुकट करा, असं आपण म्हणतो तेव्हा स्वतः मात्र मानधन घेतलेलं असतं. हे बायांना कळतं, त्या बोलत नाहीत एवढंच. आणि निधी देणारे 'विषय' सांगू लागले, की किती बाया, किती दिवस, किती फोटो, तर पहिल्या बैठकीतच सांगा की काय बनेल ते सहा महिन्यांनी कळेल. बरेचसे नाही म्हणतील. जे थांबतील त्यांच्याबरोबर काम करा. मी मधली कित्येक वर्षं शाळेत शिकवून घर चालवलं आणि उरलेल्या वेळात हे केलं. तुम्हालाही दुसरा काही आधार लागेल. त्यात कमीपणा मानू नका.

नावांची गोष्ट. ती वाकळ एका शहरातल्या प्रदर्शनात मागितली गेली. बायांनी बसून ठरवलं: द्यायची, विकायची नाही, दोघीजणी बरोबर जाणार. गेलो. उद्घाटनाच्या दिवशी शेजारच्या पाटीवर एकट्या माझं नाव. मी आयोजकांना अकरा नावांची यादी आधी पाठवली होती, जागा पुरत नाही म्हणून गाळली म्हणाले. आमच्याबरोबर आलेल्या एका बाईच्या नववीतल्या मुलीनं ती पाटी मोठ्यानं वाचली आणि विचारलं, "यात आई कुठंय?" तिथंच वहीचा कागद फाडून अकरा नावं लिहिली आणि चिकटवली. नवजोत यांच्या कामात जोडीदार कलाकारांची नावं त्यांच्या नावासोबत येतात, शांतीबाई तर कलाकार म्हणून स्वतःच्या नावानं ओळखल्या जातात. हे आपोआप होत नाही, त्यासाठी दरवेळी भांडावं लागतं. नावं आधी लेखी कबूल करून घ्या, पाटीचा मजकूर छापण्याआधी मागवा. फोटोंचंही तसंच. कुणाचा चेहरा कुठं लागणार आहे ते त्या माणसाला आधी सांगा, आणि छापलेले फोटो पहिल्यांदा गावात वाटा, मग बाहेर दाखवा. दुःखाचे फोटो तर अजिबात घाई करून काढू नका. भूकंपानंतर आपल्या भागात कॅमेरे घेऊन इतकी माणसं येऊन गेली की अजूनही काही घरांत कॅमेरा निघाला की बाया पदर तोंडावर घेतात.

आणि एक. काम संपल्यावर गावाशी काय नातं ठेवणार, हे आधी ठरवा. मी सुरुवातीला दोन गावं अशीच सोडून आलो. प्रकल्प संपला, फोन बंद. त्यांतल्या एका गावात पुन्हा जायला मला आजही जड जातं.

ती वाकळ आता आक्कांच्या घरी पत्र्याच्या पेटीत असते. आक्का गेल्या, सून सांभाळते. दरवर्षी 30 सप्टेंबरला बाहेर निघते. मधे दोन वर्षं मला जमलं नव्हतं. त्यानंतर गेलो तेव्हा पाहिलं, एका कोपऱ्यात नवं ठिगळ होतं. उंदरांनी कुरतडलं होतं म्हणे. मला कुणी कळवलं नव्हतं, विचारलंही नव्हतं. ठिगळ लावताना त्यावर एक बोळ काढला होता, मैदानावर कुणीच न काढलेला. कुठला म्हणून विचारलं तर सून म्हणाली, तो मांगवाड्यातून नदीकडं जायचा, तिकडची म्हातारी सांगून गेली, तेव्हा घातला.

तुमच्या गावाचं म्हणाल तर आत्ता काहीच करू नका. मार्गशीर्षातल्या अमावस्येला, वेळ अमावस्येला, सुट्टी काढून या. त्या दिवशी सगळं गाव रानात असतं, कडब्याची कोप उभी राहते, भज्जी आणि आंबील खायला येणाऱ्याला कुणी नाही म्हणत नाही. आपल्या भावकीच्या रानातच बसू नका, चार वेगवेगळ्या बांधांवर जेवा. कुणाच्या रानात कुणाला बोलावणं असतं, ज्यांना रानच नाही ते त्या दिवशी कुठं असतात, हे बघा. वही नेऊ नका. संध्याकाळी घरी आल्यावर आठवेल ते लिहा आणि मग मला कळवा.